आडवा म्हणजे कशाला आडवा?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलगी अकरावीत आहे. तिच्या पुस्तकात ट्रान्सव्हर्स तरंगाला अवतरंग म्हटलंय, शिकवणीत त्यालाच 'आडवा तरंग' म्हणतात आणि आकृतीत मात्र दोरी वर-खाली, म्हणजे चक्क उभी हलताना दाखवलीय. मग उभी हलणारी दोरी आडवी कशी? दुसरं, तुम्ही स्वतः होडीवर जाता, तर समुद्राची लाट अवतरंगात धरायची की अनुतरंगात, म्हणजे कण तरंगाच्याच दिशेनं हलतात त्यात? आणि तिसरं, प्रकाशात हलायला कणच नाहीत, मग आडवं हलतं तरी काय?

रत्नागिरी जिल्ह्यात तीस वर्षं अकरावी-बारावीला भौतिकशास्त्र शिकवताना पहिला प्रश्न मी दर वर्षी ऐकला. विचारणाऱ्या मुलांना वाटतं, आपल्यालाच कळत नाहीये. खरं तर त्यांनी शब्द नीट ऐकलेला असतो, म्हणूनच ती अडतात. मुलीला हे आधी सांगा.

मराठीत 'आडवा' या शब्दाचे दोन अर्थ आहेत आणि आपण ते रोज सरमिसळ वापरतो. एक म्हणजे जमिनीला समांतर, निजलेला. दुसरा म्हणजे वाट छेदून जाणारा. वादळात माड पडला असं समजा. तो रस्त्याच्या कडेनं, रस्त्याच्याच दिशेत पडला, तर माड आडवा झाला खरा, पण रस्त्याला आडवा नाही. एसटी बिनघोर निघून जाते. तोच माड डांबरावरून या गडग्यापासून त्या गडग्यापर्यंत पडला की मग तो रस्त्याला आडवा. वहाळावरचा साकव वहाळाला आडवा असतो. मांजर आडवं जातं ते आपल्या चालण्याच्या दिशेला. भौतिकशास्त्रातला ट्रान्सव्हर्स हा साकवाचा आणि मांजराचा आडवा आहे, निजलेल्या माडाचा नाही. म्हणून हा शब्द कानावर पडला की लगेच विचारायचं: कशाला आडवा? तरंगाच्या बाबतीत उत्तर ठरलेलं आहे. तरंग ज्या दिशेनं पुढे सरकतो त्या दिशेला.

दोरी जमिनीला समांतर ताणलेली आहे, तरंग तिच्या लांबीनं जातो. दोरीचा प्रत्येक बिंदू वर-खाली होतो आणि वर-खाली ही दिशा दोरीच्या लांबीला काटकोनात आहे. म्हणून तो अवतरंग. जमिनीचा इथे काही संबंध नाही.

हे वाचून पटतं, पण अंगात मुरायला करून बघावं लागतं. संध्याकाळी मुलीला घेऊन आगरात जा. आठ मीटर काथ्याचा दोर घ्या, एक टोक माडाला कमरेच्या उंचीवर बांधा, दुसरं तिच्या हातात द्या. दोराच्या मधोमध लाल चिंधीची गाठ मारा. दोर साधारण चार किलो वजन उचलल्याइतक्या जोरानं ताणून धरायला सांगा आणि मनगटानं एकच झटका वर-खाली. उंचवटा माडाकडे धावत जाईल आणि तिथून उलटा होऊन परत येईल. तिनं बघायचं मात्र फक्त चिंधीकडे. चिंधी वर गेली, खाली आली, जागच्या जागी थांबली. माडाकडे इंचभरही गेली नाही.

इथे थोडं गणित करून घ्या, कारण मुलं दोन वेग एकच समजतात. तरंगाचा वेग म्हणजे ताण भागिले दर मीटरचं वस्तुमान, याचं वर्गमूळ. ताण ४० न्यूटन आणि दोर मीटरला १०० ग्रॅम भरत असेल, तर ४० भागिले ०.१ म्हणजे ४००, त्याचं वर्गमूळ २०. उंचवटा सेकंदाला २० मीटर वेगानं पळतो, आठ मीटर दोर ०.४ सेकंदात पार करतो. चिंधी मात्र वीसेक सेंटिमीटर वर जायला दहावा भाग सेकंद घेते, म्हणजे सेकंदाला दोनच मीटर. तरंगाचा वेग दोर आणि ताण ठरवतात, चिंधीचा वेग हात किती जोरात हलला त्यावर ठरतो. आणि दोन्ही वेगांच्या दिशा एकमेकींना काटकोनात. एवढं डोळ्यांनी दिसलं की निम्मा धडा झाला.

आता तिला झटका डावी-उजवीकडे द्यायला सांगा. चिंधी गडग्याच्या बाजूला गेली आणि विहिरीच्या बाजूला आली. हाही अवतरंग. तिरका झटका द्या, हाही अवतरंग. मनगट गोल फिरवा, चिंधी गोल फिरेल, तरीही अवतरंगच, कारण चिंधी अजूनही दोराच्या लांबीनं सरकलेली नाही. मी वर्गात यासाठी एक पत्रावळ घ्यायचो. तिला मधोमध भोक पाडायचं आणि दोरात काटकोनात ओवायची. त्या पत्रावळीवर बोटानं जी म्हणून रेघ मध्यातून बाहेर ओढाल, ती प्रत्येक दिशा आडवीच. आडवी ही एक दिशा नाही, तो अख्ख्या पत्रावळीएवढा पृष्ठभाग आहे. त्यात एकमेकींना काटकोनात अशा दोन स्वतंत्र दिशा निवडता येतात, बाकीच्या सगळ्या त्या दोघींच्या मिश्रणातून मिळतात.

पुस्तकं या मुद्द्यावरून फार लवकर पुढे जातात, याची मला नेहमी खंत वाटली आहे. अनुतरंगात, म्हणजे कण तरंगाच्याच दिशेनं पुढे-मागे होतात तेव्हा, निवडीला जागाच नसते. दिशा एकच. हवेतला ध्वनी तसा असतो. कान कोणत्याही बाजूला कलता करा, त्या ध्वनीला 'उभा' किंवा 'निजलेला' अशी जातच नाही. अवतरंगाला मात्र ती असते. पत्रावळीवरच्या अनेक दिशांपैकी एकच दिशा धरून तरंग हलत असेल, तर तो ध्रुवित आहे असं म्हणतात. दोर दोन जवळजवळ पोफळींच्या फटीतून नेऊन बांधा. वर-खाली झटका पार जाईल, डावी-उजवीकडचा तिथेच अडेल. म्हणजे समोरची गोष्ट अवतरंग आहे की अनुतरंग, हे कण न बघताही ओळखता येतं: गाळणी फिरवायची आणि फरक पडतो का ते बघायचं. प्रकाशाची गोष्ट नेमकी इथूनच सुरू झाली.

१८०८ साली फ्रान्समध्ये मालुस यांनी आइसलँड स्पार नावाच्या स्फटिकातून समोरच्या राजवाड्याच्या खिडक्यांवरून परावर्तित होणारं ऊन पाहिलं. स्फटिक फिरवला की दिसणाऱ्या दोन प्रतिमांपैकी एक मंद आणि दुसरी ठळक व्हायची. काचेवरून उसळलेल्या प्रकाशाला 'बाजू' होती! प्रकाश ध्वनीसारखा अनुतरंग असता तर हे घडलंच नसतं. १८१७ मध्ये यंग यांनी आडव्या कंपनाची कल्पना सुचवली आणि १८२१ च्या सुमाराला फ्रेनेल यांनी ती ठामपणे मांडली. लोकांना ती पचायला जड गेली. आडवं कंपन घनपदार्थाला जमतं, मग सगळ्या अवकाशात पोलादासारखं ताठ काहीतरी भरलंय असं मानायचं का, आणि मग ग्रह त्यातून फिरतात कसे? तुमचा तिसरा प्रश्न, 'आडवं हलतं तरी काय', तेव्हाच्या मोठमोठ्या लोकांनाही असाच छळत होता.

उत्तर १८६५ मध्ये मॅक्सवेल यांच्या समीकरणांतून आलं. प्रकाशात कोणतीही वस्तू जागची हलत नाही. प्रत्येक ठिकाणी विद्युत क्षेत्र कमी-जास्त होतं आणि उलटसुलट दिशा घेतं, त्याच्या काटकोनात चुंबकीय क्षेत्र तसंच करतं, आणि मोकळ्या अवकाशात दोन्ही क्षेत्रं प्रकाशाच्या वाटेला काटकोनात असतात. दोघंही पत्रावळीवर, प्रकाश पत्रावळीतून आरपार. मुलीला विद्युत क्षेत्र डोळ्यांसमोर येत नसेल तर असं सांगा: त्या ठिकाणी एखादा इलेक्ट्रॉन ठेवला असता तर तो ज्या रेषेत ढकलला-ओढला गेला असता, ती रेषा.

आणि ही कविकल्पना नाही, तुमच्या होडीवर ती रोज वापरली जाते. व्हीएचएफ वायरलेसची अँटेना तुम्ही उभी लावता ना? समोरच्या होडीची अँटेना उभी, तिच्यातले इलेक्ट्रॉन वर-खाली धावतात, म्हणून निघणाऱ्या तरंगाचं विद्युत क्षेत्र उभं. ते तुमच्या उभ्या अँटेनातले इलेक्ट्रॉन वर-खाली हलवतं. हातातला सेट बाजूला साठ अंशांनी कलता धरलात, तर क्षेत्राचा निम्माच भाग अँटेनाच्या लांबीनं पडतो आणि शक्ती चौथ्या हिश्श्यावर येते. सेट पार निजवला तर सरळ येणारा तरंग जवळजवळ हुकतोच, जे काही ऐकू येतं ते इकडून तिकडून आपटून आलेलं. इथे शब्दांची गंमत बघा: क्षेत्र उभं, तरंग आडवा, आणि दोन्ही विधानं एकाच वेळी खरी.

मात्र पोफळींच्या फटीचं उदाहरण प्रकाशाला आणि रेडिओला जसंच्या तसं लावू नका. उभ्या तारांची जाळी घेतली, तर उभं क्षेत्र तारांतल्या इलेक्ट्रॉनना तारेच्या लांबीनं पळवतं आणि तिथेच अडतं, पार जातं ते निजलेलं क्षेत्र. दोराच्या अगदी उलट. परीक्षेत या ठिकाणी हुशार मुलं चुकतात. जगदीशचंद्र बोस यांनी कोलकात्यात १८९०च्या दशकात मिलिमीटर लांबीच्या रेडिओ तरंगांवर ध्रुवीकरणाचे प्रयोग केले. त्यातल्या एका प्रयोगात त्यांनी पीळ दिलेल्या तागाच्या जुड्या वापरल्या. पीळ ज्या बाजूचा, त्या बाजूला तरंगाचं कंपनप्रतल वळत होतं. तागाच्या जागी काथ्या असता तर हा प्रयोग आपल्याकडचाच वाटला असता.

आता काळ्या चष्म्याची गोष्ट, कारण ती तुम्हाला उद्याच करून बघता येईल. पोलरॉइड काचेचा चष्मा घ्या, साधा रंगीत नको. मार्चमध्ये दुपारी चारच्या सुमाराला जेटीवर पश्चिमेकडे तोंड करून उभे राहा. सूर्याकडे बघायचं नाही, पाण्यावर पडलेल्या त्याच्या झगझगाटाकडे बघायचं. त्या वेळी आपल्या किनाऱ्यावर सूर्य क्षितिजापासून साधारण ३७ अंश वर असतो, म्हणजे किरण पाण्याच्या लंबाशी ५३ अंशांचा कोन करतात. पाण्याचा अपवर्तनांक, म्हणजे पाणी प्रकाशाला किती वळवतं ते सांगणारा आकडा, १.३३, आणि ज्या कोनाचा टॅन्जंट १.३३ येतो तो कोन ५३ अंश. या कोनात पाण्यावरून उसळणाऱ्या प्रकाशाचं विद्युत क्षेत्र पृष्ठभागाला समांतर असतं, उभा घटक जवळजवळ शून्य होतो. चष्म्याची काच फक्त उभा घटक आत सोडते. चष्मा घातला की झगझगाट मावळतो आणि खडपालगतचं शेवाळ, मासळीची पाठ, सगळं दिसायला लागतं. मग चष्मा काढून डोळ्यांसमोरच काटकोनात फिरवा. झगझगाट परत येतो. पाणी हलतं असल्यामुळे तो पूर्ण जात नाही, ठिपके ठिपके उरतातच, पण फरक लहान पोरालाही कळतो.

सी. व्ही. रामन यांनी १९२१ साली इंग्लंडहून परतताना बोटीच्या डेकवर हेच केलं. समुद्राची निळाई म्हणजे आकाशाचं नुसतं प्रतिबिंब, असं तोवर मानलं जायचं. त्यांच्या खिशात निकोल प्रिझम होतं, म्हणजे एकाच दिशेचं कंपन पार सोडणारा स्फटिक. त्यातून योग्य कोनात बघून त्यांनी पृष्ठभागावरचं परावर्तन गाळून टाकलं, तरी पाणी निळंच, उलट अधिक गहिरं निळं दिसलं. त्या कोड्यातूनच पुढे १९२८ चा रामन परिणाम निघाला. प्रकाश आडवा नसता तर प्रतिबिंब असं वेगळं काढताच आलं नसतं.

गुरुत्वीय तरंगही आडवेच असतात, हिंगोली जिल्ह्यात औंढ्याजवळ उभारली जाणारी लायगो-इंडिया ही वेधशाळा त्यांच्यासाठीच आहे. तो विषय मोठा आहे, मुलीनं बारावीनंतर वाचावा.

आता पाण्याकडे येऊ. प्रकाशाचं सोडा, पदार्थाचे कण हलवत जाणारा आडवा तरंग चालायचा तर बाजूला सरकलेल्या थराला शेजारच्या थरानं मागे खेचायला हवं. दगड हे करतो, लाकूड करतं. पाणी आणि हवा करत नाहीत, त्यांचे थर एकमेकांवरून निसटतात. त्यांना दाबलं तर मात्र ते उलटा दाब देतात. म्हणून द्रव आणि वायूच्या पोटातून फक्त अनुतरंग जातो. तुमचा फिश फाइंडर खाली पाठवतो तो ध्वनी अनुतरंगच, समुद्रात सेकंदाला सुमारे १५०० मीटर वेगानं जाणारा.

खडकातून दोन्ही जातात, पण वेग वेगळे. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा कोयनेचा भूकंप घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारा. माझी आई सांगायची, आधी खालून एक दणका आला, कोनाड्यातली भांडी वाजली, आणि काही क्षणांनी घर बाजूला हेलकावायला लागलं. पृथ्वीच्या कवचातला अनुतरंग सेकंदाला साधारण ६ किलोमीटर जातो, अवतरंग साडेतीन. कोयनेपासून आमचं गुहागर सरळ रेषेत साठेक किलोमीटर. पहिला दहा सेकंदांत पोचतो, दुसरा सतरा. मधले सात सेकंद आईनं घड्याळाशिवाय मोजले होते. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणात काम केलेल्या ओल्डहॅम यांनी १८९७ च्या आसामच्या भूकंपाच्या नोंदींवरून हे दोन तरंग वेगळे ओळखले. पुढे पृथ्वीच्या गाभ्यातून अवतरंग पार होत नाहीत हे स्पष्ट होत गेलं आणि १९२६ मध्ये जेफ्रीज यांनी गाभा द्रव असल्याचं दाखवून दिलं. तीन हजार किलोमीटर खाली काय आहे ते 'आडवं जाता येतं का' या एका प्रश्नावरून कळलं.

मग समुद्राची लाट? पाण्यातून अवतरंग जात नाही म्हणालो, आणि लाट तर वर-खाली होताना दिसते. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी फळ्यावर समुद्राची लाट काढून तिच्यावर वर-खाली बाण काढले आणि खाली 'अवतरंग' लिहिलं. मागच्या बाकावरून एक मुलगी उठली. तिच्या घरची होडी होती. म्हणाली, "सर, होडी नुसती वर-खाली नाही होत. लाट यायच्या आधी ती लाटेकडे ओढली जाते, आणि माथ्यावर गेली की किनाऱ्याकडे ढकलली जाते." मी वर्गात वेळ मारून नेली. संध्याकाळी जेटीवर तासभर बसून एका होडीवर नजर ठेवली. मुलगी बरोबर होती. दुसऱ्या दिवशी तिलाच फळ्याजवळ बोलावून बाण पुसायला लावले आणि त्या जागी वर्तुळं काढायला सांगितली.

खोल पाण्यातल्या लाटेत पाण्याचा प्रत्येक थेंब जवळजवळ वर्तुळात फिरतो: माथ्यावर लाटेबरोबर पुढे, खळग्यात मागे, मधे वर आणि खाली. त्यात आडवी हालचाल आहे आणि लाटेच्या दिशेचीही आहे. पाण्याला जागेवर परत आणणारं बल गुरुत्वाकर्षणाचं, थरांच्या खेचाखेचीचं नाही. म्हणून पोटातून न जमणारी वर-खाली हालचाल पृष्ठभागावर जमते. दहा सेकंदांनी येणारी लाट घ्या. तिची लांबी १५६ मीटर, वेग सेकंदाला साडेपंधरा मीटर, म्हणजे ताशी ५६ किलोमीटर. उंची दोन मीटर असेल तर वर्तुळाची त्रिज्या एक मीटर आणि पाण्याचा स्वतःचा वेग सेकंदाला जेमतेम ६३ सेंटिमीटर. वर्तुळ पुरतं मिटत नाही, दर लाटेमागे पाणी वीतभर पुढे सरकतं. खाली जावं तशी वर्तुळं लहान होतात, अर्ध्या लाटलांबीइतक्या खोलीवर त्रिज्या चार सेंटिमीटरवर येते. किनाऱ्याजवळ पाणी उथळ झालं की वर्तुळं चेपून लांबट होतात आणि तळाशी नुसतं पुढे-मागे उरतं. ओहोटीनंतर पुळणीवर वाळूच्या वळ्या दिसतात त्या या पुढे-मागे होण्याच्याच, आणि त्या त्याच्या दिशेला आडव्या असतात.

परीक्षेत 'पाण्यावरील लाटा: कोणता प्रकार?' असं आलं आणि पर्यायात 'दोन्हींचं मिश्रण' असेल तर तेच लिहायचं. नसेल तर प्रश्न काढणाऱ्याला बहुधा अवतरंग अपेक्षित असतो. गुणांसाठी ते लिहावं, पण मुलीला खरं काय ते माहीत असावं.

नारळी पौर्णिमेला तुम्ही नारळ सोडाल तेव्हा तिला जेटीच्या टोकाला, जिथे लाट फुटत नाही तिथे, उभं करा. एका खांबाच्या कडेशी नजर जुळवून तिनं नारळाकडे बघत राहायचं. आधी तो समुद्राकडे सरकेल, मग वर चढेल, माथ्यावर किनाऱ्याकडे येईल, मग उतरेल. चार-पाच लाटा गेल्या की ते वर्तुळ तिला स्वतःला दिसेल.